नदीपलीकडचं नागसेनवन

गेल्या महिन्यात गटाच्या बैठकीत मी कर्जाचे अर्ज वाचत होते. दोन शेळीसाठी, एक शिलाई मशीनसाठी, आणि एक अर्ज वेगळाच: मुलीच्या वसतिगृहाची अनामत भरायला. दोघीतिघी कुजबुजल्या. एक तर उघडच म्हणाली, "शेळी दूध देते, करडं देते. होस्टेल काय देणार?" तेव्हा कोपऱ्यात बसलेल्या आमच्या आजी बोलल्या, "माझा मालक नदीपलीकडं बोर्डिंगात राहिला, म्हणून मास्तर झाला. नाहीतर दुसऱ्याच्या बांधावरच गेला असता." हप्ते जमा करायचे होते, विषय तिथेच राहिला. ती गोष्ट आज सांगते.

नदी म्हणजे गोदावरी. आपल्या नेवासे तालुक्यातून प्रवरासंगमचा पूल ओलांडला की पलीकडे कायगाव टोका. आज एसटीत डुलकी लागेपर्यंत पूल मागे पडतो. पण १९४७ पर्यंत अलीकडे इंग्रजांचं राज्य होतं आणि पलीकडे १९४८ पर्यंत निजामाचं. जुनी माणसं अजून तिकडच्या भागाला 'मोगलाई' म्हणतात. मोगलाईत पदवीपर्यंत शिकायचं तर हैदराबाद गाठावं लागायचं, आणि तिथल्या उस्मानिया विद्यापीठात शिकवणं उर्दूतून. गरिबाच्या, त्यातही गावकुसाबाहेरच्या पोराला ते कसं जमावं?

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हे ओळखलं होतं. मुलगा हुशार असून भागत नाही, त्याला तालुक्याच्या गावी डोकं टेकायला जागा आणि दोन वेळची भाकरी लागते. गावात तेव्हा कोणी खोली भाड्याने देत नव्हतं, पाणीसुद्धा वरून ओतायचे. म्हणून शाळेइतकंच बोर्डिंग महत्त्वाचं. बहिष्कृत हितकारिणी सभेने १९२५ साली सोलापूरला वसतिगृह काढलं ते याचसाठी. आपल्या जिल्ह्यातही अशी बोर्डिंगं होती. अकोले तालुक्यातल्या धामणगावचे दया पवार संगमनेरच्या बोर्डिंगात राहून शिकले. त्यांचं 'बलुतं' १९७८ साली आलं, त्यात ते दिवस आहेत. गटाच्या पेटीत ते पुस्तक ठेवलंय, ज्यांना वाचता येतं त्यांनी घेऊन जा आणि ज्यांना येत नाही त्यांना वाचून दाखवा.

८ जुलै १९४५ ला बाबासाहेबांनी पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन केली. पुढच्याच वर्षी मुंबईत सिद्धार्थ कॉलेज उघडलं. नोकरी करणाऱ्या पोरांना शिकता यावं म्हणून तिथे सकाळचे वर्ग भरत. मग १९५० च्या जूनमध्ये औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, कॉलेज सुरू झालं. १ सप्टेंबर १९५१ ला राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते इमारतीची कोनशिला बसली. पुढे त्याचं नाव मिलिंद महाविद्यालय झालं, आवाराचं नाव नागसेनवन. १९५५ ला मिलिंद हायस्कूलही आलं.

ही नावं कुठून आली ते मला बी. ए. होईपर्यंत ठाऊक नव्हतं. मला वाटायचं मिलिंद म्हणजे भुंगा! तो मिलिंद होता ग्रीक राजा मिनँडर. दोन हजार वर्षांपूर्वी वायव्येकडे त्याचं राज्य होतं आणि वादात त्याला कोणी हरवू शकत नव्हतं. शेवटी गाठ पडली नागसेन नावाच्या भिक्खूशी. नागसेनाने अट घातली: पंडितासारखं बोलणार असाल तर बोलू, राजासारखं बोलणार असाल तर नको. पंडित हरला तर मान्य करतो, राजा हरला तर शिक्षा देतो. त्याने राजाला विचारलं, तुम्ही रथातून आलात ना, तर रथ म्हणजे काय? चाक म्हणजे रथ का? आख? जू? प्रत्येकाला राजा नाही म्हणत गेला. सगळं मिळून जे उभं राहतं त्याला आपण रथ म्हणतो, तसंच माणसाचंही, असं नागसेनाने त्याला उलगडून दाखवलं. राजाने हार मानली आणि मोठेपणाने मानली. बाबासाहेबांना विद्यार्थी तसा हवा होता: प्रश्न विचारणारा, आणि पटलं की कबूल करणारा. गटातल्या भांडणात मला हा राजा नेहमी आठवतो, कोणाचं नाव घेत नाही.

एक गंमत बघा. दीक्षाभूमीवर धर्मांतर झालं १४ ऑक्टोबर १९५६ ला. सिद्धार्थ हे नाव त्याच्या दहा वर्षं आधीचं. म्हणजे माणसं बौद्ध व्हायच्या आधी त्यांचं कॉलेज त्या वाटेला लागलं होतं. आणि प्रवेश सगळ्या जातींना होता, हेही सांगायला हवं.

आजींचे मालक सांगायचे, पत्र्याची ट्रंक डोक्यावर घेऊन ते पहिल्यांदा पूल ओलांडून गेले. कपड्याचा एकच जोड, रात्री धुवायचा, सकाळी ओलसरच घालायचा. पण वर्गात पुढच्या बाकावर बसायचं. गावच्या शाळेत ते दाराशी बसलेले. प्राचार्य म. भि. चिटणीसांनी 'युगयात्रा' नाटक लिहिलं आणि मुलांनी ते बाबासाहेबांसमोर केलं. शिकवणाऱ्यांत गंगाधर पानतावणे होते, ज्यांनी १९६७ ला 'अस्मितादर्श' काढून कितीतरी नव्या लिहिणाऱ्यांना जागा दिली. खेड्यातली पोरं तिथे नुसती पास झाली नाहीत, लिहायला लागली.

आता मनातलं बोलते. या गोष्टीत मी सारखं 'पोरं', 'मुलगे' म्हणतेय. बोर्डिंग म्हटलं की तेव्हा बहुतेक मुलांचंच. आजींच्या मालकांसाठी ट्रंक घेतली ती त्यांच्या आईने खुरपणीच्या पैशातून. त्यांच्या बहिणीची शाळा त्याच वर्षी सुटली, धाकट्या भावंडांना सांभाळायला कोण म्हणून. ती मास्तरीण झाली असती का? आजी म्हणतात, नणंद माझ्या मालकापेक्षा हिशोबाला पक्की होती. आणि हे त्या नगर जिल्ह्यात, जिथे मिस फरार यांच्या संस्थेत सावित्रीबाईंनी शिक्षिकेचे धडे घेतले, त्याच्या शंभर वर्षांनंतर!

बैठकीत पुढे काय झालं विचाराल. शेळीचे दोन्ही अर्ज मंजूर झाले. मशीनचा पुढच्या महिन्यावर गेला, त्या बाईने स्वतःच सोडला. वसतिगृहाच्या अर्जावर पहिला अंगठा आजींचा आहे. मुलगी सोमवारी सकाळच्या गाडीने गेली. ट्रंकऐवजी चाकांची बॅग होती, आणि भाकरी मात्र आजींनीच बांधून दिली होती.