तीन हजार पत्रे आणि एक फर्मान

१९६४ च्या डिसेंबरमध्ये पोप सहावे पॉल मुंबईला आले होते. ओव्हल मैदानावर युकॅरिस्टिक काँग्रेस भरली होती. यजमान होते मुंबईचे कार्डिनल व्हेलेरियन ग्रेशस. कराचीत जन्मलेले, मूळचे गोवेकर, आणि कार्डिनलपदावर पोहोचलेले पहिले भारतीय. मुंबईतल्या जुन्या माणसांना तो सोहळा आठवतो. परंतु त्याच काळात पोपसाहेबांच्या मेजावर एक असा प्रश्न पडून होता, ज्याचा संबंध मैदानावर गुडघे टेकून बसलेल्या प्रत्येक बाईच्या शरीराशी होता. आज आम्हाला त्या प्रश्नाविषयी लिहायचे आहे.

प्रश्न होता संततिनियमनाचा. १९३० साली पोप अकरावे पायस यांनी एका परिपत्रकाने कृत्रिम साधने निषिद्ध ठरवली होती. पुढे पाळीचे दिवस मोजून संयम पाळण्याची एक वाट मोकळी झाली, एवढेच. १९६० च्या सुमारास बाजारात गोळी आली आणि जुना निर्णय पुन्हा तपासावा लागला. पोप तेविसावे जॉन यांनी १९६३ मध्ये सहा जणांचा एक आयोग नेमला आणि काही महिन्यांतच त्यांचे निधन झाले. सहाव्या पॉल यांनी हा विषय व्हॅटिकन परिषदेच्या चर्चेतून काढून स्वतःकडे घेतला आणि आयोग मात्र वाढवत नेला. शेवटी सभासद सत्तरच्या वर गेले. ग्रेशसही त्यात होते. पोलंडचे आर्चबिशप वोयतिला, म्हणजे पुढचे पोप दुसरे जॉन पॉल, सभासद होते. पण निर्णायक बैठकीला ते हजर नव्हते.

१९६५ च्या बैठकीला प्रथमच विवाहित जोडपी बोलावली गेली. अवघी तीन. अमेरिकेचे क्राउली, कॅनडाचे पोत्व्हँ आणि फ्रान्सचे रांद्यू. शिकागोच्या पॅट आणि पॅटी क्राउली यांना रोममध्ये उतरल्यावर कळले की पतीची सोय पाद्र्यांच्या वसतिगृहात आहे आणि पत्नीची दूर एका कॉन्व्हेंटमध्ये! विवाहाच्या नीतीवर सल्ला द्यायला बोलावलेल्या नवरा-बायकोला एका छताखाली राहण्याची परवानगी नव्हती. हे वाचून आम्हाला हसू आले. मग आपल्याकडच्या किती तरी जलशांची आठवण झाली, जिथे स्त्रियांच्या हक्कांवर तास-तास तकरीर चालते आणि स्त्रिया पडद्यामागेही नसतात. हसू आपोआप थांबले.

क्राउली दांपत्य ख्रिश्चन फॅमिली मूव्हमेंट या संघटनेचे नेतृत्व करीत असे. त्यांनी एक साधी गोष्ट केली. आपल्या सभासद जोडप्यांना विचारले, की दिवस मोजण्याच्या पद्धतीने तुमच्या संसारात काय घडले? पुढे एका समाजशास्त्रज्ञाच्या मदतीने ही चौकशी वाढवली, आणि १८ देशांतून सुमारे ३००० जोडप्यांची उत्तरे आली. लिहिणारे धर्मद्रोही नव्हते. दर रविवारी मिस्साला जाणारे, पोपच्या आज्ञेबाहेर पाऊल न टाकणारे लोक होते. तापमापक आणि कॅलेंडर घेऊन संसार करणाऱ्या स्त्रियांनी कळवले की पाळी अनियमित असली की हिशोब चुकतो, एकामागून एक बाळंतपणे येतात, आणि जवळीक ही भीतीची गोष्ट होऊन बसते. काहींना पद्धत मानवली होती, तेही त्यांनी प्रामाणिकपणे लिहिले. पण बहुसंख्यांचा सूर तक्रारीचा होता. ही पत्रे मुख्यतः सुशिक्षित, संघटित कुटुंबांची होती, झोपडीतल्या बाईचे पत्र त्यात क्वचितच असेल, ही उणीव मान्य करूनही त्यांचे मोल कमी होत नाही. चर्चच्या इतिहासात विवाहित स्त्रीचा अनुभव पुरावा म्हणून मेजावर ठेवला गेला, असे प्रसंग किती आहेत?

आयोगातला एक संवाद प्रसिद्ध आहे. मार्सेलिनो झाल्बा या स्पॅनिश जेझुइट पंडितांनी चिंता व्यक्त केली, की नियम आता बदलला तर तो मोडल्याबद्दल आपण आजवर ज्या लाखोंना नरकात पाठवले त्यांचे काय? त्यावर पॅटीबाईंनी विचारले, की फादर, तुमचे सगळे हुकूम देवाने अमलात आणलेच असतील असे तुम्हाला खरेच वाटते काय?

या एका प्रश्नात कॅथलिक स्त्रीवादी धर्मचिंतनाचे बीज आहे असे आमचे मत आहे. पॅटीबाई काही धर्मशास्त्रज्ञ नव्हत्या. त्यांनी देव नाकारला नाही, धर्मही नाकारला नाही. देवाचा हुकूम आणि देवाच्या नावाने बोलणाऱ्या पुरुषांचा हुकूम यांतले अंतर फक्त दाखवून दिले.

१९६६ च्या जूनमध्ये आयोगाचे काम संपले. धर्मपंडितांत आणि बिशपांतही बहुमत बदलाच्या बाजूने पडले. अल्पमतवाल्यांचा मुख्य मुद्दा जीवशास्त्राचा नव्हताच. आज बदल केला तर १९३० साली चर्च चुकले होते असे होईल, आणि चर्च चुकते असे म्हणता येत नाही, हा तो मुद्दा. पुढच्या वर्षी हे अहवाल वृत्तपत्रांत फुटले आणि जगभरच्या कॅथलिकांच्या आशा वाढल्या. २५ जुलै १९६८ रोजी पोपनी ‘ह्युमाने व्हिते’ या परिपत्रकावर सही केली. जुनी बंदी कायम राहिली आणि ती आजही चर्चची अधिकृत शिकवण आहे. तीन हजार पत्रे दप्तरी गेली.

पण प्रश्न दप्तरी गेला नाही. रोझमेरी रॅडफर्ड रुथर यांनी तर १९६४ मध्येच, तीन मुलांची आई म्हणून, एका लोकप्रिय अमेरिकन साप्ताहिकात संततिनियमनाची बाजू मांडली होती. तिसऱ्या बाळंतपणात शेजारच्या खाटेवर नवव्या मुलाला जन्म देऊन रडणारी एक गरीब मेक्सिकन-अमेरिकन स्त्री त्यांनी पाहिली होती. रुथर पुढे मोठ्या धर्मशास्त्रज्ञ झाल्या, पण त्यांच्या विद्वत्तेचा एक पाय त्या वॉर्डमध्येच राहिला. सिस्टर मार्गारेट फार्ली या जोगिणीने २००६ च्या ‘जस्ट लव्ह’ या ग्रंथात लैंगिक नीतीची कसोटी न्याय हीच मानली. कुणाला इजा नको, दोघांची मुक्त संमती हवी, बरोबरी हवी. व्हॅटिकनने २०१२ मध्ये जाहीर केले की हा ग्रंथ कॅथलिक शिकवण म्हणून वापरता येणार नाही.

आता आपल्या घराकडे पाहू. संततिनियमन इस्लामला मंजूर नाही, असे आपल्या मोहल्ल्यांत बिनदिक्कत सांगितले जाते. इमाम गझालींनी ‘इह्या’ ग्रंथात अज्ल, म्हणजे गर्भ राहू नये म्हणून पुरुषाने घ्यावयाची खबरदारी, जायज मानली आहे. मुले फार झाल्यास ओढाताण होईल ही भीती, इतकेच काय, पत्नीचे सौंदर्य टिकावे ही इच्छा, हीदेखील कारणे त्यांनी चालवून घेतली. हनफी फुकहांनी तर स्वतंत्र पत्नीची संमती ही अट घातली. म्हणजे जी संमती फार्लींना एकविसाव्या शतकात मागावी लागली, तिचा एक धागा आमच्या मध्ययुगीन किताबांत होता. हा अभिमान आम्ही जरूर बाळगू. मात्र ती अट कोणत्या खाविंदाने आपल्या बीबीला वाचून दाखवली, हेही कुणी तरी सांगावे.

ज्या १९६६ साली रोममध्ये आयोग शेवटच्या बैठका घेत होता, त्याच वर्षी १८ एप्रिलला हमीद दलवाईंच्या पुढाकाराने सात मुस्लिम स्त्रिया मुंबईच्या कौन्सिल हॉलवर चालत गेल्या. जबानी तलाक आणि बहुपत्नीत्व बंद करा, ही त्यांची मागणी होती. सात जणी म्हणून समाजाने त्यांची चेष्टा केली. भारतीय मुस्लिम महिला आंदोलनाने दहा राज्यांतल्या ४७१० स्त्रियांना विचारून २०१५ मध्ये अहवाल काढला, तेव्हा दहापैकी नऊहून अधिक स्त्रिया जबानी तलाकच्या विरोधात निघाल्या. मग नमुना कसा निवडला यावर वाद झाला. ती चर्चा व्हावी, आमची हरकत नाही. पण शरीयतचे रखवालदार म्हणवणाऱ्यांनी या बायकांना त्याआधी कधी काही विचारले होते काय? रोमने निदान आधी विचारले, नंतर नाकारले. आमच्याकडे २२ ऑगस्ट २०१७ रोजी एका दमातला तलाक रद्द झाला, तोही सर्वोच्च न्यायालयात, शायरा बानो दाद मागायला गेल्या म्हणून.

पॅटी क्राउली २००५ मध्ये वारल्या. परिपत्रक निघाले तेव्हा त्यांना ते इतरांप्रमाणे बातम्यांतूनच कळले होते.