याकी शब्दांवाचून याकी ज्ञान

कार्लोस कास्तानेदा यांच्या ग्रंथांविषयीचा वाद मुख्यतः एकाच प्रश्नाभोवती फिरत राहिला: डॉन ह्वान नावाचा याकी मांत्रिक खरोखर होता की नव्हता? भाषाभ्यासकाला त्याआधीचा एक प्रश्न विचारता येतो. तो होता असे गृहीत धरले, तरी त्याच्या तोंडी याकी शब्द का नाहीत?

पहिला ग्रंथ १९६८ साली कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या प्रकाशनसंस्थेने काढला. ‘याकी ज्ञानमार्ग’ असा दावा त्याच्या उपशीर्षकातच होता. अ‍ॅरिझोनाच्या सरहद्दीवरील एका बसस्थानकात १९६० साली गुरुशिष्यांची गाठ पडते आणि पुढे पेयोटी निवडुंग, धोत्रा व भूछत्र यांच्या सेवनाने शिष्याला निराळ्या सृष्टीचे दर्शन घडते, असे हे कथन आहे. १९७१ व १९७२ साली पुढील दोन ग्रंथ निघाले. तिसऱ्यातीलच सामग्री बव्हंशी प्रबंधरूपाने सादर होऊन १९७३ साली लॉस एंजेलिसच्या विद्यापीठाने लेखकास डॉक्टरेट दिली. रूढ धर्मसंस्थांना विटलेल्या अमेरिकन तरुणांनी या ग्रंथांना जवळजवळ धर्मग्रंथांचे स्थान दिले. १९७६ साली रिचर्ड डी मिल यांनी ग्रंथाग्रंथांतील कालविसंगती उघड केली, तरी खप थांबला नाही.

संवाद स्पॅनिशमध्ये झाले, असे कास्तानेदा सांगतात. यात असंभाव्य काही नाही. परंतु परभाषेत आपला धर्म सांगणारा मनुष्य मर्माच्या ठिकाणी मातृभाषेकडे वळतोच. वारकऱ्याला ‘वारी’ हा शब्द टाळून वारी समजावून सांगता येईल काय? १९७४ च्या ग्रंथातील ‘तोनाल’ व ‘नाग्वाल’ या कळीच्या संज्ञा मूळ नाहुआत्ल भाषेतील, मध्य मेक्सिकोच्या परंपरेतील आहेत. ती भाषा याकीच्याच कुळातील खरी, पण याकी नव्हे. पास्कुआ या याकी वस्तीवर १९४० साली ग्रंथ लिहिणारे एडवर्ड स्पायसर यांनी १९६९ च्या परीक्षणात कास्तानेदांच्या लेखनाची वाखाणणी केली; मात्र त्या उपशीर्षकाला काही आधार नाही, असेही स्पष्ट बजावले.

याकींचा स्वतःचा ज्ञानमार्ग नव्हता, असे मुळीच नाही. त्यांच्या भाषेत ‘सेआ आनिया’ म्हणजे पुष्पलोक, ‘हुया आनिया’ म्हणजे रानाचा लोक. हरिणनृत्याच्या गीतांतून हे लोक साकार होतात. सतराव्या शतकात आलेल्या जेझुइटांचा ख्रिस्तधर्मही याकींनी याच विश्वात सामावून घेतला. त्यांच्या ईस्टरच्या विधींत फुले पापशक्तींचा पराभव करतात. गेल्या शतकाच्या प्रारंभी पोर्फिरिओ दियास यांच्या राजवटीने हजारो याकींना सोनोरातून उचलून युकातानमधील घायपाताच्या मळ्यांवर धाडले, कित्येक अ‍ॅरिझोनात पळाले. त्या वाताहतीतही ही गीते टिकली.

रोसालिओ मोइसेस या याकी गृहस्थाचे आत्मकथन १९७१ साली, म्हणजे कास्तानेदांच्या दुसऱ्या ग्रंथाच्याच वर्षी, प्रसिद्ध झाले. त्यात हद्दपारीची भीती आहे, उपासमार आहे, मंत्रतंत्रही आहे. नव्या अध्यात्माच्या शोधार्थ निघालेल्यांची झुंबड मात्र त्यावर उडाली नाही. हरिणगीतांचा मोठा संग्रह याकी अभ्यासक फेलिपे मोलिना व लॅरी एव्हर्स यांनी १९८७ साली सिद्ध केला. त्यात मूळ याकी पाठ आहे, आणि इंग्रजी अनुवाद त्याच्या जोडीला.