आमच्या भागातील माध्यमिक शाळेची वाटचाल

ज्युबिलीच्या मंगल प्रसंगी देऊळ कोणी उभारले, घंटा कोणी अर्पण केली, ह्याचे स्मरण आपण कृतज्ञतेने करतो, आणि ते योग्यच आहे. परंतु ज्या शाळांनी आपल्या मुलाबाळांस विद्या दिली, त्यांचा वृत्तांत सांगितल्यावाचून धर्मग्रामाचा इतिहास पुरा व्हावयाचा नाही. सबब तेल्हारा भागात माध्यमिक शिक्षण कसे पोहोचले, ह्याचा थोडक्यात विचार येथे केला आहे.

तेल्हारा हे सातपुड्याच्या पायथ्याकडील, कापूस पिकविणाऱ्या काळ्या जमिनीचे गाव. ते पूर्णा नदीच्या उत्तरेस, तर अकोला शहर दक्षिणेस. १८५३ साली वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आला, आणि पुढे अमरावती व अकोला येथे सरकारी हायस्कुले निघाली. अकोल्याच्या हायस्कुलाची कीर्ती मोठी. विष्णु मोरेश्वर महाजनी ह्यांच्यासारखे गुरु तेथे होते, आणि कऱ्हाडजवळच्या टेंभू गावचा एक निर्धन विद्यार्थी, गोपाळ गणेश आगरकर, १८७५ साली तेथूनच मॅट्रिक झाला. त्याच आगरकरांनी १८८० साली पुण्यात न्यू इंग्लिश स्कूलच्या स्थापनेस हातभार लावला.

पण आगरकरांची जिद्द विरळा. पावसाळ्यात गाडीची चाके चिखलात रुतत आणि पूर्णेस पूर आला म्हणजे वाट बंद होई. त्याहून मोठी अडचण पैशाची. शहरात मुलास ठेवावे कोठे, आणि त्याच्या जेवणाचा खर्च आणावा कोठून? म्हणून चार इयत्ता झाल्या की मुलगा वखरामागे चालू लागे. मुलींच्या हायस्कुलाचा तर विचारही कोणाच्या मनास शिवत नसे.

ह्या काळी आपल्या मिशनने काय केले? संत फ्रान्सिस द सेल्स ह्यांच्या संघाचे मिशनरी १८४६ साली विशाखापट्टणम् येथे उतरले. १८७० साली त्यांनी नागपुरास शाळा काढली. १८८७ साली नागपूर धर्मप्रांत स्थापन झाला आणि वऱ्हाड त्यात मोडू लागला. त्या शाळांनी शिस्त व ज्ञान ह्यांचा उत्तम आदर्श घालून दिला. तथापि शहरातील त्या इंग्रजी शाळांचा उंबरठा खेड्यातील मुलास क्वचितच ओलांडता आला. हे सांगण्यात त्या थोर पुरुषांचा अनादर नाही. पीक फार आणि कामकरी थोडे, हीच त्यांची स्थिती होती.

ही उणीव भरून काढण्याचा मान डॉ. पंजाबराव देशमुख ह्यांचा. १८९८ साली पापळ येथे शेतकऱ्याच्या घरी जन्मलेल्या ह्या पुरुषाने विलायतेतील उच्च विद्या संपादून परतल्यावर एक मर्म ओळखले. खेड्यातल्या मुलास शाळेइतकेच राहण्याचे ठिकाण हवे. म्हणून अमरावतीस त्यांनी श्रद्धानंद छात्रालय चालविले आणि तेथे सर्व जातींच्या मुलांस एकत्र ठेविले. १९३२ साली श्री शिवाजी शिक्षण संस्था निघाली, आणि वऱ्हाडातील गावोगावी हायस्कुले उभी राहू लागली. तिकडे गाडगे महाराज कीर्तनातून बजावीत होते की, पोटास चिमटा घ्या, पण लेकरास शिकवा. व्यापारी पेठेनेही हात आखडला नाही. खुद्द तेल्हाऱ्यात शेठ बन्सीधर ह्यांच्या नावाची शाळा आहे.

पुढची पावले झपाट्याने पडली. १९५५ साली अमरावतीचा स्वतंत्र धर्मप्रांत झाला. १९६० साली महाराष्ट्र राज्य झाले, १९७५ साली दहावीची पहिली शालान्त परीक्षा झाली, आणि १९८३ साली अमरावतीस विद्यापीठ आले. तेल्हाऱ्यानजीक गाडेगाव येथे आज डॉ. गोपाळराव खेडकर ह्यांच्या नावाचे महाविद्यालयही आहे. पूर्णा न ओलांडता मुलगी पदवीधर होऊ शकते.

ह्या शाळा बहुतांशी आपण काढलेल्या नव्हेत. तरी त्यांनी आपल्या मुलांस धर्म न विचारता बाकावर जागा दिली. हे ऋण मान्य करणे हा ख्रिस्ती सद्गुणच होय, आणि ते शब्दांनी फिटत नाही.

ऋण फेडण्याची वाट समोरच आहे. २००९ च्या कायद्याने सहा ते चौदा वर्षांच्या बालकांस मोफत शिक्षणाचा हक्क दिला, परंतु त्याचा आधार आठवीपाशी संपतो. नववी-दहावी हीच खरी घसरण्याची जागा. कपाशी बुडाली की वह्यापुस्तकांचा खर्च जड होतो, आणि वेचणीच्या दिवसांत मुलगी वर्गात दिसेनाशी होते. ज्यास ऐपत असेल त्याने शेजारच्या अशा एका लेकराचा, मग ते कोणत्याही धर्माचे असो, दहावीपर्यंतचा भार उचलावा. ज्यास ऐपत नसेल त्याने रोज संध्याकाळी तासभर त्याचा अभ्यास घ्यावा. पंजाबरावांनी जे छात्रालयाने साधले, ते आपण आपल्या ओसरीवर साधू या. परमेश्वर ह्या कार्यास आशीर्वाद देवो.