जळालेला ग्रंथ आणि वगळलेली माणसे

इ. स. १६५० च्या ऑक्टोबर महिन्यात बॉस्टन नगराच्या बाजारचौकात एक ग्रंथ जाळण्यात आला. मॅसॅच्युसेट्स वसाहतीच्या सर्वोच्च सभेचा तसा हुकूमच होता. ग्रंथाचा कर्ता विल्यम पिंचन हा कोणी सामान्य इसम नव्हता. १६३० मध्ये विन्थ्रॉपच्या ताफ्याबरोबर तो इंग्लंडहून आला, कातड्यांच्या व्यापारात त्याने संपत्ती मिळविली आणि १६३६ मध्ये स्प्रिंगफील्ड ही वसाहत वसविली. ख्रिस्ताने मानवाचा उद्धार केला तो देवाचा कोप सोसून नव्हे, तर परिपूर्ण आज्ञापालनाने केला, असे त्याचे प्रतिपादन होते. प्युरिटन धर्माधिकाऱ्यांस ते पाखंड वाटले. अखेर आपली जमीनजायदाद मुलाच्या स्वाधीन करून १६५२ मध्ये तो इंग्लंडला परतला.

याच घराण्यात ८ मे १९३७ रोजी न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर टॉमस पिंचन या कादंबरीकाराचा जन्म झाला. अमेरिकेच्या उत्तर-आधुनिक साहित्यात त्याचे स्थान अग्रगण्य मानले जाते. हा लेखक मुलाखती देत नाही, समारंभांस जात नाही आणि त्याची छायाचित्रेही विरळाच आढळतात. त्यामुळे त्याच्याविषयी जे लिहिले जाते त्यात त्याच्या अदृश्यपणाचीच चर्चा फार असते. वस्तुतः विचार करण्याजोगी गोष्ट निराळी आहे. स्वतः दृष्टीआड राहणाऱ्या या लेखकाने सहा दशके चालविलेला उद्योग म्हणजे इतिहासाने दृष्टीआड केलेल्या माणसांचा शोध होय.

कॅल्व्हिनच्या मतानुसार ईश्वराने काही जीव उद्धारासाठी आधीच निवडलेले असतात, आणि उरलेल्यांस तो वगळून पुढे जातो. पिंचनने ही धर्मकल्पना उचलली आणि तिला लौकिक अर्थ दिला. १९७३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'ग्रॅव्हिटीज रेनबो' या त्याच्या महाकादंबरीत स्लॉथ्रॉप नावाच्या नायकाचा एक पूर्वज येतो. तो डुकरांचे कळप बाजाराला नेणारा साधा मनुष्य आहे. वगळलेले नसते तर निवडलेले तरी कुठून आले असते, असा प्रश्न करून तो वगळलेल्यांच्या पावित्र्यावर ग्रंथ लिहितो, आणि तो ग्रंथ बॉस्टनमध्ये जाळला जातो. घराण्यातील जुनी कथा येथे सहज ओळखू येते. मात्र मूळ पुरुष श्रीमंत व्यापारी व न्यायाधीश होता. त्याच्या जागी वंशजाने डुकरांमागून चालणारा माणूस उभा केला, हा बदल अर्थपूर्ण आहे.

वगळलेल्यांचा हा शोध पहिल्या कादंबरीपासूनच सुरू होतो. 'व्ही.' ही कादंबरी १९६३ ची. तिच्यातील एका प्रकरणात वाचक अकस्मात नैर्ऋत्य आफ्रिकेत, म्हणजे आजच्या नामिबियात, जाऊन पोचतो. १९०४ मध्ये तेथील हेरेरो लोकांनी जर्मन सत्तेविरुद्ध उठाव केला. सेनापती फॉन ट्रोथा याने त्यांस निर्जल वाळवंटात हाकलले आणि ऑक्टोबरमध्ये उघडउघड संहाराचा हुकूम काढला. सुमारे ऐंशी हजारांच्या समाजातील बहुसंख्य माणसे मारली गेली. १९२२ मध्ये, दक्षिण आफ्रिकेचा अंमल असताना, बोंडेलस्वार्ट जमातीने कुत्र्यांवरील जाचक कराच्या निमित्ताने उठाव केला, तेव्हा तिच्यावर विमानांतून बाँब टाकण्यात आले. माल्टा बेटाविषयीचा अहवाल शोधीत असता त्याच्या शेजारीच या उठावाचा अहवाल आपल्या हाती लागला, असे पिंचनने पुढे एका पत्रात लिहिले आहे. ग्रंथालयाच्या फळीवर निजलेला तो कागद अशा रीतीने कादंबरीत जागा झाला. जर्मनीच्या सरकारने हेरेरो व नामा यांच्या संहारास वंशसंहार हे नाव दिले ते २०२१ मध्ये. 'व्ही.' प्रसिद्ध होऊन तेव्हा अठ्ठावन्न वर्षे लोटली होती.

'ग्रॅव्हिटीज रेनबो'चा विषय दुसऱ्या महायुद्धातील व्ही-२ हा अग्निबाण आहे. पिंचनने कॉर्नेल विद्यापीठात प्रथम अभियांत्रिकी भौतिकीचा अभ्यास केला, काही काळ नौदलात नोकरी केली, आणि १९६० ते १९६२ या काळात सिएटल येथे बोइंग कंपनीत तांत्रिक लेखन केले. यंत्राची भाषा त्यास घरची होती; म्हणूनच यंत्रामागची माणसेही त्याला दिसली. ८ सप्टेंबर १९४४ रोजी हा बाण प्रथम लंडनवर पडला. आवाजाच्या वेगापेक्षा तो शीघ्र असल्याने स्फोट आधी होई आणि त्याच्या येण्याचा आवाज मागाहून ऐकू येई. परंतु बाण तयार होत होते ते नॉर्डहाउझेनजवळच्या डोंगरातील बोगद्यांत, डोरा छळछावणीतील कैद्यांच्या श्रमांवर. या छावण्यांत सुमारे वीस हजार माणसे प्राणास मुकली. बाणांच्या माऱ्याने जितके मेले त्याहून अधिक ते घडविताना मेले. या शस्त्राचा प्रमुख शिल्पकार व्हेर्नर फॉन ब्राउन पुढे अमेरिकेत सन्मानित झाला, आणि १९६९ मध्ये मानव चंद्रावर गेला तो त्याच्या देखरेखीखाली तयार झालेल्या अग्निबाणाने. चंद्रविजयाच्या वृत्तान्तांतून डोराचे बोगदे वगळले गेले होते. पिंचनने ते परत आणले.

या कादंबरीस १९७४ चे नॅशनल बुक ॲवॉर्ड आयझॅक बाशेव्हिस सिंगर यांच्यासमवेत विभागून मिळाले. ते स्वीकारण्यास पिंचनऐवजी अर्विन कोरी नावाचा विनोदी नट व्यासपीठावर आला व असंबद्ध भाषण करून गेला. त्याच वर्षी पुलित्झर पारितोषिकाच्या परीक्षकांनी एकमताने याच ग्रंथाची शिफारस केली. परंतु मंडळाने ती दुर्बोध व अश्लील म्हणून फेटाळली आणि त्या वर्षी कथावाङ्मयाचे पारितोषिक कोणासच दिले नाही.

सीमाभागातील वाचकांस १९९७ मधील 'मेसन अँड डिक्सन' ही कादंबरी विशेष जवळची वाटेल, कारण तिचा विषय नकाशावरची एक रेघ हा आहे. पेन व कॅल्व्हर्ट या दोन जमीनदार घराण्यांचा तंटा मिटविण्यासाठी चार्ल्स मेसन व जेरेमाया डिक्सन या दोघा इंग्रजांनी १७६३ ते १७६७ या काळात पेनसिल्व्हेनिया व मेरिलँड यांमधील सीमा आखली. अरण्य तोडीत, इंग्लंडहून आणविलेले दगड मैलामैलावर रोवीत ते पश्चिमेस गेले. अखेर मूलनिवासी वाटाड्यांनी आपल्या योद्ध्यांच्या वाटेपलीकडे जाण्यास नकार दिला, आणि रेघ तेथेच थांबली. काम सुरू झाले त्याच वर्षीच्या डिसेंबरमध्ये गोऱ्या वसाहतकऱ्यांच्या टोळीने कोनेस्टोगा जमातीच्या निरपराध माणसांची कत्तल केली होती. मेसनने पुढे लँकॅस्टरला मुद्दाम जाऊन ती जागा पाहिली व तशी नोंद दैनंदिनीत केली. पुढच्या शतकात हीच रेघ गुलामगिरीचे राज्य व मुक्त राज्य यांमधील सीमा म्हणून कुप्रसिद्ध झाली. दुर्बिणीतून ताऱ्यांचे वेध घेणारा शास्त्रज्ञ मनाने निर्मळ असूनही त्याच्या रेघेचा उपयोग कोण कशासाठी करील हे त्याच्या हाती नसते, हा या कादंबरीचा गाभा होय.

येथे इतिहासाच्या अभ्यासकास एक आक्षेप घ्यावासा वाटेल, आणि तो रास्त आहे. पिंचन सत्यात कल्पिताची भेसळ करतो. जर्मन सैन्यात अग्निबाण हाताळणारी हेरेरोंची तुकडी त्याने रंगविली आहे. तशी तुकडी कधीच नव्हती. 'द क्राइंग ऑफ लॉट ४९' या १९६६ च्या लघुकादंबरीत थुर्न उंट टाक्सिस घराण्याची टपालव्यवस्था खरी आहे, पण तिच्याविरुद्ध शतकानुशतके झगडणारी गुप्त टपालसंस्था कविकल्पना आहे. त्याच्या ग्रंथांवरून इतिहास शिकू पाहणारा मनुष्य खात्रीने फसेल. शिवाय शेकडो पात्रे, गाणी, गणिते व थट्टामस्करी यांच्या गर्दीत सामान्य वाचक थकून जातो, हेही खरे.

तथापि कादंबरी हा पुरावा नव्हे, हे मान्य केल्यावरही तिचे एक कार्य उरते. कोणते दप्तर अद्याप उघडलेच नाही हे ती सांगू शकते. हेरेरोंची कल्पित तुकडी वाचून ज्याने खऱ्या हेरेरोंविषयी चौकशी केली, त्याला पिंचनने फसविले असे म्हणता येणार नाही. २०२५ मध्ये, वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी, त्याची 'शॅडो टिकट' ही कादंबरी प्रसिद्ध झाली. त्याची हस्तलिखिते व कागदपत्रे २०२२ मध्ये कॅलिफोर्नियातील हंटिंग्टन ग्रंथालयाने मिळविली आहेत. पुढील अभ्यासकांस त्यांतून लेखकाचे चरित्र किती सापडेल न कळे. विल्यम पिंचनच्या ग्रंथाच्या मोजक्याच प्रती आगीतून वाचल्या आणि तेवढ्यांवरच त्याचे म्हणणे आज आपणांस कळते. हेरेरोंच्या वाट्याला तेवढेही आले नाही. त्यांची हकीकत जेत्यांच्या कागदांतून शोधून काढावी लागते, आणि त्यासाठी ते कागद चाळण्याची इच्छा कोणाला तरी व्हावी लागते. ती इच्छा उत्पन्न करणे एवढे कार्य जरी साहित्याने केले, तरी इतिहासावर त्याचे ऋण राहील.