‘आवारा’ची आई

बोर्ली पंचतनहून किनाऱ्याने उत्तरेला निघालं, की मुरूड-जंजिऱ्याच्या पलीकडे चौल लागतं. अफानासी निकितिन हा रशियन व्यापारी पंधराव्या शतकात इथेच उतरला. त्याच्यावर ख्वाजा अहमद अब्बास यांनी एका रशियन दिग्दर्शकासह १९५७ साली ‘परदेसी’ हा चित्रपट काढला. पण त्याआधीच, अब्बास यांनीच लिहिलेल्या ‘आवारा’मुळे, रशियन माणसांना आपल्याकडच्या एका आईचा चेहरा ओळखीचा झाला होता. ती आई म्हणजे लीला चिटणीस.

माझे एक मामू मालवाहू जहाजावर खलाशी होते. ओडेसा बंदरात आपण हिंदुस्थानी आहोत असं सांगितलं, की लोक राज कपूरचं नाव घ्यायचे, असं ते सांगत. आईचं काम कुणी केलं, हे मात्र कुणाला सांगता येत नसे. “तिकडे आईला ‘मामा’ म्हणतात,” असं सांगून ते आम्हा भाच्यांना हसवायचे.

‘आवारा’ १९५४ मध्ये सोव्हिएत संघात लागला आणि त्याची सहा कोटींहून अधिक तिकिटं खपली. तिथे हिंदी चित्रपटांचे संवाद रशियनमध्ये होत, गाणी बहुधा हिंदीतच राहत. म्हणजे लीलाबाईंचा आवाजही त्या प्रेक्षकांपर्यंत पोचला नाही. नवऱ्याने संशय घेऊन घराबाहेर काढलेली, मुंबईच्या झोपडपट्टीत मुलाला वाढवणारी ती बाई तिकडच्या लोकांना कळली, ती चेहऱ्यावरून. युद्धात घरचा कर्ता पुरुष गमावलेल्या कितीतरी बायका तेव्हा त्या देशात एकट्याने मुलं वाढवत होत्या. त्यांना ती परकी का वाटावी?

लीलाबाईंचा जन्म १९०९ सालचा, धारवाडचा. त्या पदवीधर होत्या. सिनेमात जाणं घरंदाज बाईला कमीपणाचं मानलं जाई, त्या काळात त्या आधी रंगभूमीवर आणि मग पडद्यावर आल्या. बॉम्बे टॉकीजच्या ‘कंगन’ (१९३९), ‘बंधन’ (१९४०) आणि ‘झूला’ (१९४१) या चित्रपटांत त्या अशोककुमारच्या नायिका होत्या. लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेल्या पहिल्या भारतीय तारका म्हणूनही त्यांचंच नाव घेतात.

आणि मग? १९४८ च्या ‘शहीद’मध्ये त्या दिलीपकुमारच्या आई झाल्या. पुढच्याच वर्षी ‘महल’मध्ये अशोककुमार नायकच होते. ते लीलाबाईंपेक्षा फार तर दोन वर्षांनी लहान. पुरुषाचं वय पडद्यावर थांबतं, बाईचं मात्र धावतं, हा चित्रसृष्टीचा जुना न्याय. ‘आवारा’तला मुलगा राज कपूर त्यांच्यापेक्षा पंधरा वर्षांनी लहान होता. १९६५ च्या ‘गाईड’मध्ये त्या देव आनंदच्याही आई झाल्या. त्या पिढीच्या तिन्ही मोठ्या नायकांना पडद्यावर या एकाच मराठी बाईने पदराखाली घेतलं.

पण या बाईंना बिचारी म्हणू नये. १९५५ साली त्यांनी ‘आज की बात’ हा चित्रपट दिग्दर्शित केला. १९८१ मध्ये ‘चंदेरी दुनियेत’ हे आत्मचरित्र मराठीत लिहिलं. आपली हकिगत आपल्याच भाषेत सांगून ठेवणं, हेही एक कर्तृत्वच. पुढे त्या मुलांकडे अमेरिकेला गेल्या आणि २००३ मध्ये तिथेच वारल्या.

सोव्हिएत संघ त्याआधीच, १९९१ मध्ये, मोडला होता. मामूही आता नाहीत. परवा ‘आवारा’ पुन्हा पाहायला बसलो, तेव्हा सुरुवातीच्या श्रेयनामावलीत मी मुद्दाम त्यांचं नाव शोधलं. आपणही शोधा. चेहरा लाखो लोकांनी लक्षात ठेवला. निदान आपल्या भाषेच्या माणसांनी तरी नाव लक्षात ठेवावं.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)