पडद्यावरची तलवार आणि तिचा उस्ताद

भिवपुरीहून जवळच, कर्जत-चौक रस्त्यावर, २००५ साली नितीन देसाईंचा स्टुडिओ उभा राहिला. तेव्हापासून पडद्यासाठीच्या ढाल-तलवारी आपणांस नव्या नाहीत. त्या धरायला शिकवितो कोण, हे मात्र कुणी विचारीत नाही.

१९५४ साली जपानात अकिरा कुरोसावांचा 'सेव्हन सामुराई' आला. शेतकऱ्यांसाठी निव्वळ भातावर लढणाऱ्या सात योद्ध्यांची ही कथा. (मजुरीची बोली आपल्या ओळखीची आहे!) तोवर तिकडच्या चित्रपटांतील लढाया बव्हंशी काबुकी नाटकाच्या वळणाच्या, नाचल्यासारख्या असत. कुरोसावांनी योशिओ सुगिनोंना बोलाविले. पंधराव्या शतकापासून चालत आलेल्या कातोरी परंपरेचे हे उस्ताद. या विद्येत वार चिलखतावर नव्हे, चिलखताच्या फटींवर करतात : मान, मनगट, काख. क्यूझो झालेले नट मियागुची यांना तलवारीचा गंध नव्हता. सुगिनोंनी त्यांना तयार केले. क्यूझोच्या द्वंद्वात म्हणूनच हातवारे नाहीत. तो स्तब्ध उभा राहतो, एकच वार होतो आणि समोरचा कोसळतो.

चित्रपट काढणारी तोहो कंपनी आम्हा संघटनावाल्यांना वेगळ्याच कारणाने ठाऊक. १९४८ साली संपकरी कामगार तिच्या स्टुडिओत ठाण मांडून बसले, तेव्हा त्यांच्यावर अमेरिकन रणगाडे आणि विमाने आली होती. त्याच कंपनीच्या या चित्रपटाच्या नामावलीत तलवारीचे शिक्षक म्हणून सुगिनोंचे नाव झळकले. घोड्यावरून बाण मारायला शिकविणाऱ्यांचीही नावे तेथेच आहेत.