विलायतेंतील तीन दिवसांचा आठवडा

कामाचा आठवडा किती दिवसांचा असावा, याविषयीं मालक आणि मजूर यांचे तंटे जुनेच आहेत. इ. स. १९७४ च्या आरंभीं विलायतेंत सरकारनेंच तो एका हुकमासरशीं ठरवून टाकला. आठवडा तीन दिवसांचा!

कारण होतें कोळशाचें. त्या काळीं तेथील वीज मुख्यतः कोळशावर निघे. १९७३ च्या ऑक्टोबरांतील अरब-इस्रायल युद्धानंतर अवघ्या कांहीं महिन्यांत तेलाचा भाव सुमारें चौपट झाला आणि कोळशाचें मोल आणखी वाढलें. खाणकामगारांनीं तें ओळखलें. वेतनवाढीसाठीं त्यांनीं नोव्हेंबरांत जादा काम बंद केलें. मुख्य प्रधान एडवर्ड हीथ यांना १९७२ चा संप विसरतां येण्यासारखा नव्हता. त्या वेळीं कामगारांनीं वीजघरांकडे जाणारा कोळसाच अडविला होता आणि सरकारला नमावें लागलें होतें. या खेपेस कोठार रितें होण्याआधींच शिधा मोजून द्यावा, असें हीथ यांनीं ठरविलें.

१३ डिसेंबर रोजीं घोषणा झाली. १ जानेवारीपासून बहुतेक कारखान्यांस व कचेऱ्यांस आठवड्यांतून तीनच दिवस वीज मिळूं लागली. त्या दिवशींहि कामाचे तास वाढविण्याची मुभा नव्हती. इस्पितळें, खाद्यपदार्थांचीं दुकानें, वृत्तपत्रांचे छापखाने यांना तेवढी सूट होती. दूरचित्रवाणी रात्रीं साडेदहास बंद होई. कित्येक दुकानदार मेणबत्तीच्या उजेडांत मोड मोजून देत. एका मंत्र्यांनीं तर अंधारांत दांत घासण्याचा उपदेश केला. दांतांना दिवा लागत नाहीं हें खरेंच, पण लोकांना हंसूंच अधिक आलें.

नवल असें कीं, पांच दिवसांचे तीन झाले तरी उत्पादन त्या मानानें घटलें नाहीं; घट पुष्कळच कमी राहिली. यावरून पूर्वींचे दोन दिवस आळसांत जात, असें म्हणणारे निघाले. तें न्याय्य नव्हे. दोन महिन्यांचा नेट वर्षभर टिकत नाहीं. शिवाय त्याची किंमत मजुराच्या घरीं मोजली जात होती. वेतन कापलें जाई, आणि लक्षावधि लोक रिकाम्या दिवसांपुरता बेकारीचा भत्ता मागण्यास रांगेंत उभे राहत.

फेब्रुवारींत खाणकामगारांनीं पुरा संप पुकारला. देशावर राज्य कोणाचें, हा प्रश्न हीथ यांनीं मतदारांपुढें ठेविला. २८ फेब्रुवारीच्या निवडणुकींत मजूर पक्षास ३०१ व हुजूर पक्षास २९७ जागा मिळाल्या. बहुमत कोणासच नाहीं. हीथ पायउतार झाले, हॅरोल्ड विल्सन आले, खाणकामगारांना वेतनवाढ मिळाली आणि ८ मार्चपासून कारखाने पुन्हां पूर्ण आठवडा चालूं लागले.